नून शिखराचं हवामान आणि ठाण्यातला अठरा दिवसांचा आराखडा

ठाण्यातल्या आठ जणांच्या एका गटानं लडाखमधलं नून (७,१३५ मीटर) चढण्याचा आराखडा केला. आठांपैकी पाच जणांनी आधी सहा हजार मीटरच्या आसपासचं एकेक शिखर केलेलं होतं. तिघांचं प्रशिक्षण पूर्ण होतं, पण एवढ्या उंचीचा अनुभव नव्हता. निघण्याची तारीख १६ ऑगस्ट, रजा १८ दिवसांची, आणि गणपती बसायच्या आत घरी परत. येऊर आणि मुंब्र्याच्या डोंगरावर पाठीवर वीस किलो घेऊन सराव सुरू होता. आराखडा आमच्याकडे तपासायला आला तेव्हा कागदावर नीटनेटका होता. अडचण वेगळीच होती: तो ज्या हवामानावर उभा होता ते कारगिल शहराचं होतं, शिखराचं नव्हतं.

आराखड्यात चार गोष्टी गृहीत धरल्या होत्या. लडाख पर्जन्यछायेत येतो, म्हणून ऑगस्टमध्ये तिथं कोरडं असेल. शिखरावरचं तापमान कारगिलच्या अंदाजावरून काढता येईल. विमानानं थेट लेह गाठलं की पाचव्या दिवशी बेस कॅम्प लागेल. आणि गॅसचे २४ डबे पुरतील. यातली पहिली चूक सर्वांत मोठी. बाकीच्या तिन्ही बऱ्याच अंशी तिच्यातूनच आल्या.

शिखर नेमकं कुठं आहे

नून आणि कून (७,०७७ मीटर) ही जोडी हिमालयाच्या मुख्य अक्षावर उभी आहे. उत्तरेला कारगिल जिल्ह्यातलं सुरू नदीचं खोरं, दक्षिणेला किश्तवाडच्या बाजूनं चिनाबकडे उतरणाऱ्या दऱ्या. दोन्ही शिखरांत हवाई अंतर चारेक किलोमीटर, आणि मध्ये हिमाचं उंच पठार. त्याच समूहात पिनॅकल पीक (६,९३० मीटर) आहे. फॅनी बुलक वर्कमन यांनी १९०६ साली ते चढलं. कूनवर पहिली चढाई १९१३ साली मारियो पियाचेंझा यांच्या इटालियन मोहिमेची. नूनवर २८ ऑगस्ट १९५३ रोजी क्लोद कोगां आणि पिएर व्हितोझ पोचले. तेव्हा ऑगस्टअखेर चढाई होतच नाही असं नाही. पण ती ज्या मोहिमेनं केली तिच्याकडे अठरा दिवसांची मर्यादा नव्हती.

पर्जन्यछायेचा हिशेब मराठी माणसाला शिकवावा लागत नाही. महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या घरात पाऊस पडतो, आणि घाट उतरून वाईला आलं की तो हजाराच्याही खाली येतो. नकाशा याच नजरेनं पाहिला तर लेह हे वाईच्याही पलीकडचं गाव ठरतं. तिथं वर्षाला जेमतेम १०० मिलिमीटरच्या आसपास पडतो. नून मात्र घाटमाथ्यावर आहे. दक्षिणेकडून पीर पंजाल आणि किश्तवाड ओलांडून वर चढलेल्या दमट हवेला सात हजार मीटरची पहिली भिंत इथंच भेटते. हवा वर ढकलली जाते, थंड होते आणि आपली ओल हिमाच्या रूपात इथं टाकते. पलीकडे उतरलेली कोरडी हवा लेहपर्यंत जाते. ‘लडाख कोरडा’ हे वाक्य खरं आहे, पण ते भिंतीच्या पलीकडच्या बाजूबद्दल आहे.

याचा पुरावा डोळ्यांना दिसतो. कारगिलहून पदुमकडे जाताना परकाचिकपाशी हिमनदीचं तोंड जवळजवळ सुरू नदीपर्यंत उतरलेलं दिसतं. उंची समुद्रसपाटीपासून साडेतीन-पावणेचार हजार मीटर. बर्फाची जीभ इतक्या खाली टिकायची तर वर दरवर्षी भरपूर हिम पडावं लागतं. कोरड्या प्रदेशात एवढी मोठी हिमनदी इतक्या खाली येत नाही. ती मागे हटते आहे हेही तितकंच खरं. वाडिया हिमालयीन भूविज्ञान संस्थेच्या अभ्यासात तिचा मागे हटण्याचा वेग १९७१ ते १९९९ या काळात वर्षाला सुमारे २ मीटर होता, आणि १९९९ ते २०२१ मध्ये सुमारे १२ मीटर. चढाई करणाऱ्यासाठी याचा अर्थ सरळ आहे. जुन्या वर्णनातली हिमनदीवरची वाट, कॅम्पच्या जागा, हिमभेगा ओलांडायची ठिकाणं यांतलं काहीही जसंच्या तसं मिळेल असं धरू नये. दहा वर्षांपूर्वीचा जीपीएसचा ट्रॅक दिशेसाठी ठेवावा. पाऊल मात्र समोर दिसणाऱ्या बर्फाकडे पाहूनच टाकावं.

हिम कधी पडतं आणि का

नूनवरच्या हिमाचा मोठा वाटा डिसेंबर ते एप्रिल या काळातला, पश्चिमी विक्षोभांनी आणलेला. भूमध्य समुद्राकडून वरच्या पश्चिमी वाऱ्यांबरोबर येणाऱ्या या प्रणाली इथं पाठोपाठ आदळतात. जूनपर्यंत हे हिम दिवसा वितळून रात्री गोठत घट्ट बसतं. हिमभेगांवरचे हिमपूल तेव्हा जाड असतात, वाटेवर उघडा निळा बर्फ कमी असतो. जुलै सरत जातो तसे हे पूल पातळ होतात, भेगा उघड्या पडतात आणि उतारांवरून दगड सुटायला लागतात. म्हणजे ऑगस्टच्या दुसऱ्या पंधरवड्यात आकाश निरभ्र मिळालं तरी पायाखालचा पृष्ठभाग महिन्याभरापूर्वीपेक्षा वाईट असतो. गटाच्या चर्चेत हा मुद्दा आलाच नव्हता.

उन्हाळ्यात मान्सून रोज नूनपर्यंत पोचत नाही. बहुतेक दिवस सकाळ स्वच्छ असते, अकरा-बाराच्या सुमारास धारेवर ढग चढतात, दुपारी थोडं भुरभुरतं आणि रात्री पुन्हा चांदणं पडतं. हे रोजचं चक्र धोक्याचं नाही. त्यामुळे दिवसाचं वेळापत्रक फक्त पुढे ओढावं लागतं. धोका आहे तो दोन प्रणाली एकमेकींना भेटतात तेव्हा. वायव्येकडून वरच्या थरात थंड हवेची द्रोणी (कमी दाबाचा लांबट खळगा) सरकत येते आणि त्याच वेळी खालून मान्सूनची दमट हवा उत्तरेकडे ओढली जाते, तेव्हा ‘पर्जन्यछाया’ या शब्दाला अर्थ उरत नाही. जुलै २०२३ च्या दुसऱ्या आठवड्यात हिमाचलमध्ये हेच झालं. पावसानं कुलू-मनाली उद्ध्वस्त झालं, आणि पलीकडे, ‘कोरड्या’ लाहौल-स्पितीतल्या चंद्रतालजवळ हिमवर्षावानं अडीचशेहून जास्त पर्यटक अडकले. सप्टेंबर २०१४ च्या पहिल्या आठवड्यातला काश्मीरचा महापूर अशाच संगमातून आला. ५ ऑगस्ट २०१० च्या रात्री लेहवर कोसळलेला पाऊस तर शुष्क वाळवंटात झाला. चंद्रतालला, सव्वाचार हजार मीटरच्या आसपास, जुलैत तंबू गाडणारं हिम पडू शकतं, तर सहा हजारांवर दोन-तीन दिवसांत मीटरभर पडलं तर त्यात नवल काही नाही.

ठाण्यातली उघडीप आणि नूनवरचं वादळ

ठाण्यात बसून तयारी करणाऱ्यांसाठी हा भाग सर्वांत उपयोगाचा आहे, आणि आराखड्यात नेमका उलटा वापरलेला होता. गटाचा अंदाज असा: जुलैत आपल्याकडे मुसळधार असतो, ऑगस्टच्या मध्यावर उघडीप मिळते, तेव्हा तिकडेही बरं असेल.

कोकणात जोराचा पाऊस असतो तेव्हा मान्सूनचा आस, म्हणजे कमी दाबाचा लांब पट्टा, साधारणपणे मध्य भारतावर किंवा त्याच्याही दक्षिणेला असतो. पावसात खंड पडतो तेव्हा तो आस उत्तरेला सरकून हिमालयाच्या पायथ्याला लागलेला असतो. घोडबंदर रोडवर चार दिवस कडक ऊन पडलं आणि नेमकं तेव्हाच उत्तराखंड-हिमाचलला पुराच्या बातम्या आल्या, असं का होतं, त्याचं उत्तर हेच आहे. खंडाच्या काळात वरच्या पश्चिमी वाऱ्यांतल्या द्रोणीही दक्षिणेकडे जास्त खोल उतरतात. म्हणजे संगमाला लागणारे दोन्ही घटक एकाच वेळी हजर. ठाण्यातली कोरडी ऑगस्ट-सकाळ नूनवरच्या गटाला शुभशकुन वाटू नये. उलट ‘मान्सूनचा आस हिमालयाच्या पायथ्याकडे’ हे वाक्य हवामान खात्याच्या बुलेटिनमध्ये दिसलं की त्या दिवसापासून पुढचे चार-पाच दिवस जास्त बारकाईनं बघावेत.

उलटा नियमही पक्का धरू नये. कोकणात पाऊस म्हणून नूनवर ऊन, असं होत नाही. बंगालच्या उपसागरात तयार झालेला कमी दाबाचा पट्टा मध्य प्रदेश, राजस्थानपर्यंत येऊन उत्तरेला वळला, तर मुंबई-ठाण्यालाही झोडपतो आणि मागाहून हिमालयालाही. म्हणून तारीख ठाण्याच्या आकाशावरून ठरवायची नाही. ५०० हेक्टोपास्कलच्या, म्हणजे हवेचा दाब तेवढा असतो त्या उंच थराच्या, नकाशावरून ठरवायची.

अंदाज कोणत्या उंचीचा पाहायचा

मोबाइलवर ‘कारगिल’ टाकलं की २,६७६ मीटरवरच्या शहराचा अंदाज येतो. शिखर त्याच्यापेक्षा ४,४५९ मीटर उंच आहे. मोकळ्या हवेत दर किलोमीटरला साधारण साडेसहा अंश कमी धरले तर फरक २९ अंशांचा होतो. कारगिलला जुलैच्या दिवसरात्रीची सरासरी २२ धरली तर शिखरावर उणे ७ येतात, आणि पहाटे स्वच्छ आकाशाखाली धारेवर उणे १५ सहज. हा हिशेब ढोबळ आहे, पण गटानं पॅकिंगसाठी धरलेले ‘रात्री उणे पाच’ त्यातून बाद होतात.

मग वारा. उणे १५ ला ताशी ४० किलोमीटर वारा असेल तर उघड्या कातडीला उणे २७ इतकं जाणवतं. उणे २० ला तोच वारा असेल तर उणे ३४. या पट्ट्यात दहा ते तीस मिनिटांत नाक-बोटं हिमदंशाला बळी पडू शकतात. ही कोष्टकं समुद्रसपाटीजवळच्या दाट हवेसाठी आहेत. विरळ हवा उष्णता थोडी कमी ओढते हे बरोबर आहे, पण त्या भरवशावर राहू नये. सात हजार मीटरला हवेचा दाब समुद्रसपाटीच्या ४२-४३ टक्क्यांवर असतो, शरीराला प्राणवायू कमी मिळतो, पाणी कमी पडून रक्त दाट होतं आणि बोटांकडचा पुरवठा आधीच घटलेला असतो.

मॉडेलचं बोलायचं तर जागतिक मॉडेलच्या जाळीचा एक चौकोन नऊ ते तेरा किलोमीटरचा असतो. तेवढ्या चौकोनात नून, कून, पठार आणि खालची दरी यांची सरासरी होते. मॉडेलला तिथं सात हजारांचं शिखर दिसतच नाही, त्यापेक्षा बराच बुटका उंचवटा दिसतो. त्यामुळे जमिनीलगतचा वारा आणि तापमान सोडून द्यावं आणि मोकळ्या हवेतले थर घ्यावेत. उन्हाळ्यात ५०० हेक्टोपास्कलचा थर ५,८५० मीटरच्या आसपास असतो, म्हणजे दुसऱ्या कॅम्पच्या जवळपास. ४०० चा थर साडेसात हजारांवर, म्हणजे शिखराच्या थोडा वर. अक्षांश ३३.९८ उत्तर, रेखांश ७६.०२ पूर्व टाकून या दोन थरांचा वारा, ५०० ची आर्द्रता आणि ५०० च्या उंचीतला उतार-चढाव पाहायचा. ४०० ला ताशी ४० किलोमीटरच्या वर वारा दिसला तर शिखराचा दिवस नाही, कारण धारेवर तो आकुंचन पावून आणखी वाढतो. ५०० ला आर्द्रता सकाळपासूनच ७०-८० टक्के राहिली आणि पश्चिमेकडे द्रोणी ४८ तासांवर असली तर वरच्या कॅम्पला जायचं नाही.

सप्टेंबर का नाही, असं एका सदस्यानं विचारलं होतं. प्रश्न योग्य होता. मान्सून परतला की आकाश उघडतं, पण जुलै-ऑगस्टमध्ये तिबेटच्या उत्तरेला गेलेला पश्चिमी जेट प्रवाह (खूप उंचावरचा वेगवान वारा) सप्टेंबरच्या उत्तरार्धापासून दक्षिणेला सरकायला लागतो. नूनचा अक्षांश ३४ च्या जवळ, त्यामुळे वारा इथं पूर्वेच्या शिखरांच्या तुलनेत लवकर वाढतो. दिवसही आखूड होत जातो. सप्टेंबरचा पहिला पंधरवडा अनुभवी, छोट्या गटासाठी चालू शकतो. या आठ जणांसाठी, विशेषतः तिघांचा अनुभव पाहता, आम्ही तो सुचवला नाही.

उंचीचा जिना

ठाणे समुद्रसपाटीवर आहे. महाराष्ट्रातलं सर्वांत उंच कळसूबाई १,६४६ मीटर. येऊर-मुंब्र्याच्या सरावानं पाय आणि दम तयार होतो. विरळ हवेची सवय त्यातून होत नाही. ती फक्त उंचीवर रात्री काढून होते.

मूळ आराखड्यात पहिल्या दिवशी विमानानं लेह (सुमारे ३,५०० मीटर), एक रात्र, मग कारगिल, तोंगुल (सुरू खोऱ्यातलं गाव) आणि पाचव्या दिवशी ४,६०० मीटरवर बेस कॅम्प असं होतं. शून्यावरून एका झेपेत साडेतीन हजार, पुढे खाली उतरून दोन दिवसांत पुन्हा साडेचार हजारांवर. तीन हजार मीटरच्या वर झोपायची उंची रोज ५०० मीटरहून जास्त वाढवू नये, आणि तीन-चार दिवसांनी एक दिवस थांबावं, हा सर्वमान्य नियम इथं दोनदा मोडत होता. अशा वेळी डोकेदुखी-मळमळ हा सौम्य प्रकार झाला. फुप्फुसात पाणी होणं हा जीवघेणा. बेस कॅम्पवर तो झाला तर तोंगुलपर्यंत १,२०० मीटर खाली आणायचं, तेही रात्री, हिमनदीच्या दगडगोट्यांतून.

बदललेला जिना श्रीनगरहून चढतो (१,५८५ मीटर). दुसरी रात्र सोनमर्गला, सुमारे २,७०० वर. तिसऱ्या दिवशी झोजिला खिंड (३,५२८) ओलांडून कारगिल: दिवसा उंचावर, रात्री खाली. चौथा आणि पाचवा दिवस तोंगुल, सुमारे ३,४०० मीटर. पाचव्याला ३,९०० पर्यंत चढून परत. सहा-सात ४,००० च्या आसपासच्या मधल्या कॅम्पवर, सातव्याला बेस कॅम्पपर्यंत सामानाची फेरी. आठव्या दिवशी बेस कॅम्प, नववा पूर्ण विश्रांती. दहाव्याला ५,४०० मीटरवरच्या पहिल्या कॅम्पपर्यंत फेरी, अकरा विश्रांती, बारा-तेरा पहिल्या कॅम्पवर मुक्काम, चौदाव्याला परत बेस, पंधरा विश्रांती. बेस ते पहिला कॅम्प ही ८०० मीटरची पायरी नियमापेक्षा मोठी आहे. मध्ये सपाट जागा नाही म्हणून ती तशीच ठेवली, आणि म्हणूनच आधीची फेरी आणि खाली उतरून विश्रांती काटछाटीत घालवायची नाही असं ठरलं. सोळाव्या दिवसापासून शेवटची चढाई: पहिला कॅम्प, मग ६,००० च्या आसपास दुसरा, त्याच्यावर तिसरा, एकोणिसाव्याला शिखर आणि त्याच संध्याकाळी दुसऱ्या कॅम्पपर्यंत खाली. हवामानासाठी चार दिवस राखीव. उतरणं, कारगिल, श्रीनगर आणि घर धरून २८ दिवस. अठरात हे बसत नाही, आणि बसवायचा प्रयत्न केला तर सगळ्यात आधी राखीव दिवस जातात, मग विश्रांतीचे. मूळ आराखड्यात राखीव दिवस एकच होता.

ॲसिटाझोलामाइड (उंचीचा त्रास टाळण्याची गोळी) १२५ मिलिग्रॅम दिवसातून दोनदा घ्यायची की नाही हे प्रत्येकानं ठाण्यात असतानाच आपल्या डॉक्टरांशी बोलून ठरवावं, सल्फाची ॲलर्जी आहे का ते तपासून. पहिली गोळी घरी घेऊन पाहावी. चार हजार मीटरवर नव्हे.

गॅस आणि पाणी

सहा हजारांवर वाहतं पाणी नसतं, प्रत्येक घोट हिम वितळवून मिळतो. उणे १० चं एक किलो हिम वितळवून ८० अंशांपर्यंत नेण्यासाठी सुमारे ६९० किलोजूल लागतात, आणि तिथं पाणी उकळतंच ८०-८१ अंशांना. तंबूच्या दारात, वाऱ्यात, साध्या स्टोव्हवर हे लिटरमागे ३५ ते ४० ग्रॅम गॅस खातं. माणशी दिवसाला चार लिटर, आठ माणसांचे ३२ लिटर, म्हणजे रोज १.१ ते १.३ किलो गॅस. नव्या वेळापत्रकात बेस कॅम्पच्या वर सरावाच्या दोन, शेवटच्या चढाईच्या चार आणि राखीव चार अशा दहा रात्री. १३ किलो, म्हणजे २३० ग्रॅमचे ५७ डबे. गळती आणि अर्धवट डबे धरून ६२. मूळ यादीतले २४ डबे सव्वाचार दिवसांत संपले असते. वादळात तंबूत अडकलेल्या गटाचा गॅस आधी संपतो, जेवण उरलेलं असतं. गॅस संपला की पाणी संपतं, आणि पाणी संपलं की उतरावं लागतं, उतार ताज्या हिमानं भरलेला असला तरी.

डब्यात काय भरलंय तेही वाचावं. साध्या ब्युटेनचा उत्कलनबिंदू उणे अर्धा अंश, आयसोब्युटेनचा उणे १२, प्रोपेनचा उणे ४२. उंचीवर दाब कमी असल्यानं थोडी मदत होते, तरी साध्या ब्युटेनचा डबा पहाटे दोनला धुगधुगतो. आयसोब्युटेन-प्रोपेन मिश्रणच घ्यावं, आणि वापरायचा डबा रात्री झोपण्याच्या पिशवीत ठेवावा. विमानात गॅसचे डबे नेता येत नाहीत, तेव्हा श्रीनगर किंवा लेहला पोचण्याआधी साठा बोलून ठेवणं भाग आहे. पॉवर बँक आणि सुटे लिथियम सेल चेक-इनमध्ये नाही, केबिनमध्ये.

एक गोष्ट फक्त आपल्याकडची. जून-जुलैत ठाण्याच्या घरात आर्द्रता ८५ टक्क्यांच्या वर असते. पिसांची झोपण्याची पिशवी दाबून भरलेली महिनाभर कपाटात राहिली की पिसं ओल धरतात, फुगवटा जातो आणि उणे २० ची पिशवी उणे दहाचीही राहत नाही. ती मोकळ्या सुती पिशवीत, पंख्याखालच्या खोलीत ठेवावी. तंबूचा आतला लेप बुरशीनं चिकट झाला असेल तर तो निघायच्या आधी महिनाभर कळला पाहिजे.

ताज्या हिमानंतर काय करायचं

आराखड्यात वादळाचा उल्लेख होता, पण वादळानंतरच्या दिवसाचा नव्हता. माणसं दगावतात ती बऱ्याचदा त्या दिवशी, कारण आकाश निळं असतं. चोवीस तासांत ३० सेंटिमीटरहून जास्त हिम आणि सोबत वारा असेल तर ३० ते ४५ अंशांच्या उतारांवर ताजा थर जुन्या कडक पृष्ठभागावर सुटा बसलेला असतो. वाऱ्याच्या आडोशाच्या बाजूला तो आणखी जाड साचतो. किमान २४, शक्यतो ४८ तास थांबावं, पहिल्या उन्हात उतार स्वतः मोकळा होऊ द्यावा. पठारावर धोका वेगळा. ताजं हिम हिमभेगा झाकतं, पण वजन पेलत नाही. दोरावर तिघे किंवा चौघे, माणसांत आठ-दहा मीटर, पुढच्याच्या हातात काठी टोचत. पठार ओलांडायचं ते पहाटे दोन ते सात या वेळेत, पूल गोठलेले असताना. दुपारी तेच पठार उन्हाची कढई होतं: तंबूत तीसच्या वर पारा, ताज्या हिमावरून ऐंशी-नव्वद टक्के किरण परत, आणि गॉगल काढून तासभर राहिलेल्याला संध्याकाळी डोळे उघडवत नाहीत. नाकपुड्यांच्या आतपर्यंत सनस्क्रीन लावावं. अतिशयोक्ती वाटते, पण भाजतं तिथंच.

खालच्या नाल्यांनाही घड्याळ आहे. हिम वितळून येणारं पाणी दुपारनंतर चढतं आणि संध्याकाळी सर्वांत जास्त असतं. बेस कॅम्पकडे येता-जाता नाले सकाळी आठच्या आत पार व्हायला हवेत.

कॅम्पवर बसून दाब पाहण्याचं साधन घड्याळातल्या अल्टिमीटरमध्येच आहे. सहा हजारांवर दाब एक हेक्टोपास्कल घटला की घड्याळ सुमारे १५-१६ मीटर जास्त उंची दाखवतं. तंबू जागचा हलला नाही आणि रात्रीत उंची ४५ मीटरनं ‘वाढली’ तर दाब तीन हेक्टोपास्कलनं घसरलाय. दिवसातला नेहमीचा एक-दीडचा चढउतार वजा करूनही हे जास्त आहे. रोज संध्याकाळी सहा आणि सकाळी सहा, दोनदा आकडा वहीत लिहावा. एकच आकडा काही सांगत नाही, दोन दिवसांचा कल सांगतो.

काय ठरलं

तारीख ऑगस्टमधून काढून जुलैत नेली: २ जुलैला निघणं, २९ ला परत. शेवटची चढाई १७ ते २० जुलैच्या दरम्यान सुरू होते, हिमपूल अजून जाड असतात, आणि गणपतीचा प्रश्न आपोआप सुटतो. २८ दिवसांची रजा आठांपैकी दोघांना मिळाली नाही. सहा जणांचा गट राहिला, गॅसचा हिशेब त्या प्रमाणात ४७ डब्यांवर आला. रजेचा दुसरा पर्यायही समोर ठेवला होता: अठराच दिवस असतील तर नून सोडून सहा हजारांच्या आसपासचं, दोन कॅम्पचं शिखर घ्यावं. आमचं मत त्या बाजूनंही तितकंच होतं; नूनला चार दिवस कमी देणं हा तिसरा पर्याय मात्र आम्ही मानत नाही. शिखराच्या दिवशी परत फिरण्याची वेळ दुपारी १२, कुठंही असलात तरी. इंडियन माउंटेनिअरिंग फाउंडेशनची परवानगी आणि संपर्क अधिकाऱ्याची व्यवस्था मात्र नव्या तारखेनं पुन्हा करावी लागली.

रजा न मिळालेल्या दोघांपैकी एकाकडे हवामानाचं काम आलं. ठाण्यात बसून रोज दोनदा नकाशे पाहायचे, कारण वर इंटरनेट नाही. बाहेरच्या राज्याचं प्रीपेड सिम लडाखमध्ये चालत नाही, म्हणून तीन सदस्यांनी पोस्टपेड घेतलं. उपग्रह फोन सरकारी परवानगीशिवाय बाळगणं गुन्हा आहे. परवानगी मिळाली तर थेट, नाही तर निरोप दरीत रेंज मिळते तिथल्या माणसाकडे आणि तिथून परवानाधारक वॉकी-टॉकीवर बेस कॅम्पला. निरोप पाच तुकड्यांचा, याच क्रमानं: तारीख, ५०० चा वारा आणि आर्द्रता, ४०० चा वारा, पश्चिमेची द्रोणी किती तासांवर, मान्सूनचा आस कुठं. ‘१८ जुलै, ५०० वायव्य २०, आर्द्रता ४०, ४०० पश्चिम ३०, द्रोणी ९६ तास, आस मध्य भारत.’ त्यात ‘जा’ किंवा ‘थांबा’ असा शब्द घालायचा नाही. आकडे ठाण्याहून, निर्णय उतार समोर दिसणाऱ्यांचा.